यमुताईंची मनःस्थिती

स्वातंत्र्याची किंमत प्रत्येक पिढीला आपापल्या परीने चुकवावी लागते. कुणी ती फासावर जाऊन चुकवली, कुणी तुरुंगात खडी फोडून. यमुताईंच्या पिढीला ती दर नोव्हेंबरात, बँकेच्या कोपऱ्यातल्या खिडकीशी उभं राहून, आपलं अजून लग्न झालेलं नाही असं लिहून देऊन चुकवावी लागे.

ताईंचे वडील रुपराव बेचाळीसच्या आंदोलनात तुरुंगात गेले होते. ते वारल्यावर त्यांचं सन्मान निवृत्तिवेतन ताईंच्या आईला मिळू लागलं आणि आई गेल्यावर ताईंना. नियमच तसा आहे. स्वातंत्र्यसैनिकामागे त्याची बायको, आणि बायकोमागे अविवाहित मुलगी. मुलगा चालत नाही, विवाहित मुलगी तर नाहीच नाही. लग्न झालं की मुलगी नवऱ्याची होते आणि देशाची उरत नाही, असा काहीतरी त्यामागचा विचार असावा. म्हणून दरवर्षी ताईंना बँकेला दोन गोष्टी कळवाव्या लागत: एक, आपण जिवंत आहोत, दोन, आपण अविवाहित आहोत. पहिली गोष्ट खिडकीतला बाबू नुसतं बघून मान्य करी. दुसरीच्या वेळी तो बिचारा मान खाली घालून विचारी, "यंदाही नाही ना, ताई?"

"यंदाही नाही गा," ताई म्हणत. "तुह्या पाहण्यात कोणी असला त सांग."

हे हसण्यावारी जाई, कारण ताई अडुसष्ट वर्षांच्या होत्या.

ताईंचं लग्न झालं नाही त्यात सरकारचा काही दोष नव्हता. दोष रुपरावांचा. जावई खादी वापरणारा हवा आणि हुंडा न घेणारा हवा, अशा त्यांच्या दोनच अटी होत्या. खादी वापरणारा मुलगा सापडला की त्याचा बाप हुंडा मागे. हुंडा न मागणारा सापडला की तो टेरिकॉट घालून येई. दोन्ही अटींत बसणारा एक मास्तर कळमेश्वरहून आला होता, पण त्याला ताईंनीच नकार दिला. तो स्वतः चहा पीत नव्हता हे एक वेळ चाललं असतं, पण दुसऱ्याने प्यायलेलाही त्याला बघवत नव्हता. पुढे आई-वडिलांची दुखणी निघाली, ताईंनी घरीच बायकांचे शिवणाचे क्लास घेतले, आणि मग डोळे सुईच्या नेढ्याला दाद देईनात तेव्हा क्लासही बंद झाले.

खरं म्हणजे रुपराव स्वतःही मुळात पेन्शनच्या नियमात बसत नव्हते. तुरुंगवास निदान सहा महिन्यांचा हवा, असा नियम. त्यांना शिक्षा सहा महिन्यांचीच झाली होती, पण तुरुंगात त्यांची वागणूक चांगली होती म्हणून इंग्रजांनी त्यांना थोडं आधी सोडलं. इंग्रजांनी दिलेली ही सूट स्वतंत्र भारताच्या कचेरीने त्यांच्या देशभक्तीतून वजा केली. एखाद्या वॉर्डरच्या कानाखाली वाजवली असती तर कागद पुरा झाला असता, असं रुपराव पुढे कित्येक वर्षं हळहळत. मग कधीतरी नियम सैल झाला, सोबतच्या दोन कैद्यांनी लिहून दिलं की हा माणूस आमच्याच बराकीत होता आणि फार घोरत होता, आणि रुपराव उतारवयात एकदाचे स्वातंत्र्यसैनिक ठरले.

प्रेमानंद त्या खिडकीशी आले ते दोन वर्षांमागे. एसटीतून निवृत्त झालेले ड्रायव्हर, राहायला कामठीला, बायको जाऊन बरीच वर्षं झालेली, मुलगी दीक्षा दवाखान्यात नर्स. त्यांना बँकेला फक्त जिवंत असल्याचं सांगायचं होतं, ताईंना जिवंत आणि अविवाहित असल्याचं. सर्व्हर बंद पडला होता, त्यामुळे गप्पांची चांगली सोय झाली. प्रेमानंदांनी ताईंचा कागद पाहिला, दोनदा वाचला आणि गंभीरपणे म्हणाले की आपल्याला विधुर आहात का म्हणून कोणी कधी विचारलं नाही; उद्या चार लग्नं केली तरी एसटीला त्याचं काही सोयरसुतक नाही. ताई मोठ्याने हसल्या. बँकेतली रांग वळून पाहू लागली. त्या रांगेत हसण्याची पद्धत नव्हती.

मग ताईंनी वडिलांची गोष्ट सांगितली आणि प्रेमानंदांनी आईची. छप्पन साली आईने नागपुरात बौद्ध धम्माची दीक्षा घेतली तेव्हा प्रेमानंद तिच्या कडेवर होते. त्यांना भूक लागली होती आणि ते रडत होते, एवढंच त्यांचं इतिहासातलं योगदान.

"माह्या आईनं मागचं सारं एका दिवसात सोडलं," ते म्हणाले. "त्याची काही पेन्शन नाही. पण तिच्या लेकराले लग्न करू नको असं बी कोणी म्हणत नाही."

त्यानंतर सर्व्हर बंद असेल या आशेने दोघंही बँकेत वरचेवर जाऊ लागले.

लग्नाचं प्रेमानंदांनीच विचारलं, तर्री पोह्यांच्या ठेल्यावर, उभ्या उभ्या. विचारताना त्यांनी जोखीमही सांगून टाकली. तुमची पेन्शन जाईल, माझी काही फार नाही, घर दोन खोल्यांचं आहे आणि छतावर माकडं येतात. ताईंनी प्लेट संपेपर्यंत विचार केला, आणि तर्री थोडी वाढवून मागितली, म्हणजे विचाराला वेळ मिळाला. मग त्या म्हणाल्या की माकडं चालतील.

खरा प्रश्न नागपूरच्या लकडगंजात होता. ताई तिथे भाच्याबरोबर, म्हणजे भावाच्या मुलाबरोबर, राहत. भाऊ आता नव्हता. मुलगा जितेंद्र याचं प्लायवूडचं दुकान होतं. दुकानाचं नाव 'सेनानी प्लायवूड'. गल्ल्याच्या वर रुपरावांचा हार घातलेला फोटो होता, आणि गिऱ्हाईक भाव पाडू लागलं की जितेंद्र फक्त फोटोकडे बघून उसासा टाकी. ज्या माणसाने देशासाठी घरदार सोडलं त्याच्या नातवाकडून सनमायका स्वस्तात मागताना चांगल्या चांगल्यांची जीभ अडखळे.

जितेंद्र सुधारक विचारांचा होता. आत्याने प्रेमानंदांचं नाव, आडनाव, गाव आणि मोहल्ला सांगितला तेव्हा जातीचा त्याने चुकूनही उल्लेख केला नाही. एवढंच म्हणाला, "कामठी लांब पडते, आत्या."

"शेअर ऑटो जाते," ताई म्हणाल्या.

"तसं नाही. लांब पडते."

"किती लांब पडते ते मले समजलं, जितू. तू पाणी पे."

जितेंद्र पाणी प्यायला आणि पेन्शनवर आला. पेन्शनचं बोलणं सोपं होतं. त्यात कोणाला वाईट वाटण्यासारखं काही नव्हतं, उलट देशाचा मान होता. सरकार एवढं देते, ते लाथाडायचं? आजोबांच्या नावावर येणारी रक्कम अशी कामठीला जाऊन बंद पाडायची? आणि मग त्याला एक तोड सुचली. ती सांगताना त्याने दार लोटून घेतलं, बायकोला स्वयंपाकघरात पाठवलं आणि आवाज खाली आणला. लग्नच कशाला करायचं? मैत्री ठेवावी. यावं, जावं, राहावंसुद्धा. पुण्यामुंबईत आजकाल चांगल्या घरचे लोक तसेच राहतात. कागदावर काही आणलं नाही म्हणजे झालं.

ताईंनी त्याच्याकडे बराच वेळ पाहिलं. हा तोच जितेंद्र होता ज्याने शेजारच्या मुलीला एका मुलाच्या मोटारसायकलवर बघितलं म्हणून गल्लीत बैठक बोलावली होती.

गंमत म्हणजे हाच सल्ला ताईंना सगळीकडून मिळाला. बँकेतल्या बाबूने दिला. देवळातल्या भजनी मंडळाच्या अध्यक्षीणबाईंनी दिला. पंधरा ऑगस्टचे सत्कार बघणारे एक सरकारी बाबू तर घरी येऊन, चहा घेऊन, पोटतिडकीने बोलले. पूर्वी सत्काराला रांग लागायची. आता एकेक करून सगळे गेले, आपल्या भागात उरलं कोण तर एकट्या ताई. ताईंचं लग्न झालं तर शाल कोणाच्या खांद्यावर घालायची? शाल तर आधीच घेऊन ठेवलेली आहे. निदान ऑगस्टपर्यंत थांबा, नाहीतर तसंच राहा, कोण बघतंय. एक बाई दुसऱ्या जातीच्या माणसाबरोबर लग्नाशिवाय राहिली तर कोणाची हरकत नव्हती. लग्न करून राहिली तर मात्र राष्ट्राचं नुकसान होतं.

ताईंनी बाबूंना दुसरा कप दिला आणि विचारलं की मग दर नोव्हेंबरला मी बँकेत काय लिहून द्यायचं? बाबू म्हणाले, हेच, अविवाहित म्हणून, आणि त्यात खोटं काय आहे?

"माहा बाप जेलात गेला तो भर चौकातून," ताई म्हणाल्या. "मागच्या दारानं नाही गेला. मी त्याच्या नावानं खाऊन मागच्या दारानं काहून राहू?"

दुसऱ्याच दिवशी त्यांनी आणि प्रेमानंदांनी विवाह नोंदणी कार्यालयात लग्नाची नोटीस दिली. दोघांचे धर्म वेगळे, त्यामुळे नोटीस महिनाभर फळ्यावर लागते. कोणाला आक्षेप घ्यायचा असेल तर त्याने तेवढ्यात घ्यावा. फळ्यावर ताईंचा फोटो घरून पळून आलेल्या दोन जोडप्यांच्या मध्ये लागला. ताईंनाच त्यात जरा भारदस्त वाटलं. जितेंद्र एका प्लॉटच्या कामासाठी त्याच आवारात गेला होता. त्याने फळ्यावर आत्या पाहिली आणि तिथेच एका वकिलाला गाठलं.

वकील हुशार होता. आक्षेप कुठल्या कुठल्या कारणांवरून घेता येतो ते त्याने समजावून सांगितलं. जातीवरून नाही, पेन्शनवरून तर नाहीच नाही. पण एक पक्ष मनाने ठीक नसेल, त्याला आपण काय करतोय ते कळत नसेल, तर घेता येतो. मग दोघांनी मिळून जो अर्ज तयार केला त्याला तोड नव्हती. अर्जदार महिलेस शासनाकडून सन्मान निवृत्तिवेतन मिळत असून, विवाह केल्यास ते कायमचे बंद होणार याची तिला पूर्ण जाणीव आहे. जाणीव असूनही ती विवाह करीत आहे. सबब तिची मनःस्थिती ठीक नसावी.

सुनावणी मेमध्ये ठेवली गेली. नागपूरच्या मेमध्ये कोणाचीच मनःस्थिती ठीक नसते, पण तो मुद्दा कोणी काढला नाही.

कार्यालयात एक मोठा कूलर होता. तो हवा कमी आणि आवाज जास्त देत होता. विवाह अधिकारी गभणे साहेब टेबलापलीकडे बसले होते. गोल चेहऱ्याचे, निवृत्तीला आलेले गृहस्थ, आयुष्यभर दुसऱ्यांची लग्नं लावून त्यांच्या तोंडावर एक कायमची सहानुभूती आली होती. एका बाजूला जितेंद्र आणि त्याची बायको काजल. काजल घरात फार बोलत नसे. या प्रकरणात ती ताईंशी एकदाच बोलली होती, लुगडं नेसणार की साडी, एवढंच विचारायला. दुसऱ्या बाजूला ताई, त्यांना खेटून प्रेमानंद, प्रेमानंदांची मुलगी दीक्षा आणि ताईंची जुनी शिवणक्लासची विद्यार्थिनी गोपिका. आक्षेप फेटाळला गेला तर लगेच लग्न उरकायचं, म्हणून दीक्षाने दोन हार आणून पिशवीत ठेवले होते. आक्षेप मान्य झाला तर ते बाहेरच्या फळ्यावरच्या आपल्या फोटोला घालू, असं प्रेमानंद येताना म्हणाले होते. त्यानंतर ते बोलले नाहीत. हात गुडघ्यांवर ठेवून, मंद हसत, घाट उतरणाऱ्या ड्रायव्हरच्या शांतपणे ते समोर बघत राहिले. ताईंना त्यांच्या त्या शांतपणाचा फार आधार वाटला.

साहेबांनी एकेक कारण वाचायला घेतलं. वधूचा आधीचा नवरा जिवंत आहे का? नाही, आणि तसं बँक दरवर्षी लिहून घेते. वराचं वय एकवीस पूर्ण आहे का? आहे. वधूचं अठरा? ते बी आहे. वधूवरांचं एकमेकांशी जवळचं नातं लागतं का? इथे जितेंद्रच घाईने म्हणाला की काही नाही, अजिबात नाही, दूरदूरपर्यंत नाही. मग त्याच्या लक्षात आलं की तेवढाच एक मुद्दा आपल्या कामाचा होता, आणि तो म्हणाला की पण हे गृहस्थ आत्याला ताई म्हणतात. साहेब म्हणाले की नागपुरात तसं धरलं तर एकही लग्न लागणार नाही.

उरली मनःस्थिती. साहेबांनी चष्मा पुसला.

"ताई, लग्न केल्यावर पेन्शन बंद होईल, हे तुम्हाला माहीत आहे?"

"माहीत आहे."

"नंतर पस्तावा झाला तरी परत सुरू होणार नाही."

"नाही होणार."

"आणि तरी लग्न करायचं आहे?"

"तरी करायचं आहे."

"पाहा, साहेब," जितेंद्र म्हणाला.

आणि खरोखरच साहेब अडचणीत आले. ताई जितकं नीट उत्तर देत होत्या तितका जितेंद्रचा अर्ज बळकट होत होता. त्यांना काहीच कळत नसतं तर त्या भोळ्या ठरल्या असत्या. सगळं कळत होतं, हीच पंचाईत होती. वकिलाने पायावर पाय टाकला. साहेब हळूच म्हणाले की तसं असेल तर डॉक्टरचा दाखला मागवता येईल, तारीख पुढे घेता येईल, पावसाळ्यानंतरची मिळेल.

ताईंना राग आला. आयुष्यात आपण जिवंत आहोत याचा दाखला दिला, लग्न झालेलं नाही याचा दाखला दिला, आता वेडी नाही याचा द्यायचा. त्यांनी शेजारी पाहिलं. प्रेमानंद समोर बघत मंद हसत होते. ताई उभ्या राहिल्या.

"साहेब, एक विचारते. माहा बाप बेचाळीस साली काय करे, तुमाले माहीत आहे का?"

साहेबांना माहीत नव्हतं.

"सरकारी नोकरीत होता. ट्रेझरीत कारकून. कायम. त्या टायमाले कायम नोकरी म्हणजे पोरीचे बाप दाराशी उभे राहत. एक दिवस हा माणूस दुपारी ऑफिसातून उठला, चौकात गेला आन झेंडा घेऊन उभा राहिला. नोकरी जाईन हे त्याले माहीत होतं. पेन्शन जाईन हे बी माहीत होतं, इंग्रजाची पेन्शन पक्की होती. त्याची माय रडून राहिली होती का बाबू, तुले येड लागलं का. त्यानं म्हटलं, समजून करून राहिलो."

"ती गोष्ट वेगळी, आत्या," जितेंद्र म्हणाला. "ते देशासाठी होतं."

"गोष्ट एकच आहे. पक्की पेन्शन होती, समजून उमजून सोडली. तुह्या अर्जात माहा रोग लिहिला ना, तोच त्याले होता. मले तर घरातूनच लागला." त्या साहेबांकडे वळल्या. "आता तुमी सांगा. सरकारी पेन्शन सोडते म्हणून मी येडी, त मग तो बी येडा. आन तो येडा होता त तुमच्या सरकारनं त्याले पेन्शन काहून दिली? येड्याले सन्मान द्याचा काही जीआर आहे का?"

कूलर घरघरत राहिला. वकिलाने टाकलेला पाय खाली घेतला.

"त्याच्या फोटोखाली बसून हा प्लायवूड विकते," ताई म्हणाल्या. त्यांचा आवाज आता बाहेरच्या व्हरांड्यात जाऊ लागला होता आणि दारात तीनचार लोक जमले होते. "दर पंधरा ऑगस्टले मले शाल घालते सरकार. काहून घालते? का माह्या बापानं हातचं सोडलं म्हणून. आन मी हातचं सोडते म्हटलं का डॉक्टर बोलावते. म्हणजे सोडणारा मेलेला असला तरच चांगला. जित्या माणसानं सोडाले नको."

जितेंद्र खुर्चीतून उठू लागला.

"आन जितू, लांब पडते म्हणतं ना तू. माह्या बापाच्या मायले बी जेल लांबच पडलं होतं."

जितेंद्र परत बसला. त्याच्या चेहऱ्यावरून कळत होतं की लांबचा अर्थ आज पहिल्यांदा चारचौघांत उघडा पडला आहे. तो कोणी उच्चारला नव्हता, पण दारातल्या सगळ्यांना समजला होता. वकील आपले कागद पिशवीत भरू लागला.

साहेबांनी पेन उचललं. त्यांनी बराच वेळ लिहिलं, एक ओळ खोडली, पुन्हा लिहिली. मग सरकारी कागद वाचताना माणसाचा जो आवाज निघतो त्या आवाजात त्यांनी वाचून दाखवलं. आक्षेपात नमूद केलेले लक्षण अर्जदार महिलेच्या वडिलांतही आढळून येते. सदर लक्षण शासनाने यापूर्वीच सन्मानयोग्य मानलेले आहे. सबब आक्षेप फेटाळण्यात येत आहे.

"हे वर गेलं तर मला विचारतील," ते कोणाकडेही न बघता म्हणाले. "विचारू देत. निवृत्त होऊन राहिलो ना मी बी."

दारातल्या एकाने टाळी वाजवली आणि दुसऱ्या कोणी वाजवली नाही म्हणून थांबवली.

पण लग्नाला साक्षीदार तीन लागतात. दीक्षा होती, गोपिका होती. तिसरे, प्रेमानंदांचे जुने कंडक्टर, उन्हाने आडवे झाल्याचा फोन आला. साहेबांनी घड्याळ पाहिलं, जेवणाची सुट्टी जवळ आली होती. दारातले लोक साक्षीचं म्हणताच पांगले. तेव्हा काजल उठली, पदर खोचला आणि टेबलाशी जाऊन उभी राहिली.

"मी करते सही," ती म्हणाली.

जितेंद्रने तिचं नाव घेतलं, एकदा हळू, एकदा जरा मोठ्याने.

"तुमचा आक्षेप फेटाळला ना?" काजल त्याच्याकडे न वळता म्हणाली. "मग आता काय अडचण आहे? पेन आहे का, साहेब?"

तिने सही केली, पूर्ण नाव, माहेरच्या आडनावासकट. जितेंद्र उठून बाहेर गेला. तो गेला असं सगळ्यांना वाटलं, पण व्हरांड्यातून त्याच्या चपला दिसत होत्या. तो निघत नव्हता. फोनवर कोणाशी तरी प्लायवूडच्या जाडीबद्दल उगाच मोठ्याने बोलत होता.

हार निघाले. उन्हाने झेंडूने जरा मान टाकली होती. साहेबांनी दोघांना टेबलासमोर उभं केलं आणि सांगितलं की आता कायद्याप्रमाणे दोघांनी एकमेकांना उद्देशून तोंडाने म्हणायचं आहे, साक्षीदारांना ऐकू जाईल असं. वधूने आधी म्हटलं तरी चालेल.

ताई ताठ उभ्या राहिल्या. ज्या खिडकीशी त्या इतकी वर्षं नाही म्हणत आल्या ती खिडकी त्यांच्या डोळ्यांपुढे आली, आणि हार घातलेला बाप, आणि पंधरा ऑगस्टची ती शाल जी आता कपाटात तशीच राहणार होती. या देशात आज पहिल्यांदा त्या कोणाची मुलगी म्हणून उभ्या नव्हत्या. त्यांनी दम घेतला आणि खणखणीत आवाजात म्हटलं, "मी, यमुना रुपराव, पूर्ण समजून उमजून, कोणाच्या जबरदस्तीशिवाय आन कोणत्याही पेन्शनशिवाय, प्रेमानंद, तुमाले माहे कायदेशीर पती म्हणून स्वीकारते."

पेन्शनचा उल्लेख नमुन्यात नव्हता, पण साहेबांनी अडवलं नाही. गोपिकाने डोळे पुसले. काजलने पुसले. व्हरांड्यातलं फोनवरचं बोलणं थांबलं. कूलरसुद्धा क्षणभर अडखळल्यासारखा झाला. सगळे प्रेमानंदांकडे बघू लागले.

प्रेमानंद तसेच मंद हसत उभे होते. मग सगळे आपल्याकडे बघताहेत हे त्यांच्या ध्यानात आलं. त्यांनी गळ्यातला हार सारखा केला, ताईंकडे झुकले आणि ओशाळून म्हणाले, "यमुताई, हा कान एसटीच्या खिडकीच्या वाऱ्यानं कवाच गेला, आन या कूलरच्या आवाजात सकाळपासून काहीच ऐकू नाही येऊन राहिलं. जरा या बाजूनं येऊन म्हणता का?"